तबकडीच्या शेवटी नाव

आमच्या घरात कुणावर रागवायचं असेल तर आधी फोनो, म्हणजे ग्रामोफोन, थांबण्याची वाट पाहावी लागायची. फोनो वाजत असताना भाऊंच्या, म्हणजे माझ्या वडिलांच्या, खोलीत बोलायचं नाही, भांडं आपटायचं नाही, खोकला आला तर तोंडावर पदर धरून मागच्या अंगणात जायचं, असा नियम होता. तबकडी संपेपर्यंत आईचा राग बहुधा निवून जायचा, किंवा तिला पोळ्या लाटायच्या असायच्या. मी पाहिलंय, पिठाचा गोळा हातात घेऊन ती दारात उभी राहायची, काहीतरी सांगायचं असायचं, आणि आतून ती बारीक आवाजातली तान संपता संपायची नाही. मग ती तशीच परत फिरायची. आईने गिळलेल्या रागाचा हिशोब कुणी मांडला नाही. माझ्या रागाचा मी इथे मांडते आहे. माझी मुलगी म्हणते, "आई, एवढ्या वर्षांनी कशाला?" एवढ्या वर्षांत तो कमी झालेला नाही, म्हणून.

भाऊ कारंज्याला कापसातली सरकी काढणाऱ्या एका जिनिंगचे मॅनेजर होते आणि आम्ही जिनच्या आवारातच, टिनाच्या छपराच्या बंगलीत राहायचो. दिवाळीनंतर हंगाम सुरू झाला की कापसाच्या बैलबंड्यांची रांग फाटकापासून जैन मंदिराच्या वळणापर्यंत लागायची. बैलांच्या गळ्यातल्या घुंगरांचा आवाज, हमालांच्या शिव्या आणि सगळ्यांच्या खाली जिनच्या यंत्रांची घरघर. ती घरघर इतकी सतत असायची की आम्ही सगळे थोडं ओरडूनच बोलायचो. शाळेत गेल्यावर मला तेवढ्यासाठी पहिली शिक्षा झाली होती. हवेत रुईचे तंतू उडत राहायचे. वरणात तंतू, दह्यात तंतू, झोपेतून उठल्यावर पापण्यांवर तंतू. आणि फोनोच्या पिनेवर तंतू. तबकडी निम्म्यात आली की पिनेभोवती रुईचा एवढासा गोळा जमायचा आणि गाणाऱ्या बाईचा आवाज सर्दी झाल्यासारखा घोगरा व्हायचा. भाऊ मग गाणं न थांबवता बोटाच्या एका हलक्या फटकाऱ्याने तो गोळा उडवायचे, आणि आवाज पुन्हा स्वच्छ व्हायचा. या एका गोष्टीत त्यांचा हात फार हळुवार होता. तो हात त्यांनी माझ्या डोक्यावरून कधी फिरवल्याचं मला आठवत नाही.

त्यांच्याकडे तबकड्या पुष्कळ होत्या, पण मानाची एकच. दमयंतीबाईंची. फार जुनी, कर्ण्यात तोंड घालून ओरडून गायच्या त्या काळातली. तेव्हा तबकडीच्या शेवटी गाणारीने स्वतःचं नाव सांगायची पद्धत होती. गाणं संपलं की एक क्षण नुसती खरखर, मग श्वास अडकल्यासारखा एक छोटासा हुंदका, आणि बारीक, उंच आवाजात, "मिस दमयंती, पूना!" भाऊंनी ती पहिल्यांदा ऐकली तेव्हा ते स्वतः पंधरा-सोळा वर्षांचे होते. गाणं तर त्यांना पाठ होतंच, पण त्यांचा जीव होता तो त्या हुंदक्यात. आल्या-गेल्याला बसवून ते म्हणायचे, "थांबा, थांबा, आता आयका. पाहा कशी लाजते!" आणि पाहुणे मान डोलवायचे. मी लहानपणापासून ती लाज शेकडो वेळा ऐकली. माझ्या आईला लाजताना मात्र मी कधी पाहिलं नाही. तिला तेवढी सवड नव्हती.

मी अमरावतीला नन्सच्या इंग्रजी शाळेत, वसतिगृहात राहायचे. जिनच्या मालकांच्या मुली तिथे शिकत होत्या, म्हणून भाऊंनी मलाही घातलं. तिथे माझं नाव हजेरीत रोज मोडायचं. सिस्टर मला "कुमूड" म्हणायच्या, मुली "क्यूम" म्हणायच्या. कुमुद हे माझं नाव मला फक्त सुट्टीत मिळायचं, तेही आईच्या तोंडून "कुमे" होऊन. मी बोलायची नाही फारशी. जे काही वाटायचं ते दर रविवारी घरी पत्रात लिहायचे. शाळेत मराठी नावालाच होतं, त्यामुळे माझं अक्षर गिचमिड आणि ऱ्हस्व-दीर्घाचा आनंदीआनंद. पण लिहायचे मी मनापासून. वसतिगृहाच्या मागे धुण्याच्या दगडाजवळ बदामाचं झाड होतं, त्याच्याआड जाऊन रडते, हे लिहिलं. रात्री उशीवर डोकं ठेवलं की जिनची घरघर नसल्यामुळे झोप येत नाही, हे लिहिलं. एका मुलीने माझ्या डब्यातली सांबारवडी, म्हणजे कोथिंबिरीची वडी, सगळ्यांना दाखवून "हे गवत आहे" म्हटलं, आणि मी पण हसले, आणि मग आईचीच फार लाज वाटली आणि त्या लाजेची जास्त लाज वाटली, हेही लिहिलं. आईला वाचता येत नव्हतं. भाऊ तिला वाचून दाखवत असतील अशी माझी समजूत होती. त्यांचं उत्तर नेहमी एका ओळीचं असायचं: पत्र पावले, अभ्यास करणे.

मी शेवटच्या वर्षाला होते त्या नाताळच्या सुट्टीत घरी आले, तर अंगणात सतरंज्या उन्हात घातलेल्या, ओसरीला चुना मारलेला आणि आई चुलीपुढे घामाघूम.

"कोण येऊन राह्यलं?" मी विचारलं.

"माही सवत," आई म्हणाली आणि स्वतःच खो-खो हसली. "थे फोनोतली बाई. खरीखुरी येऊन राह्यली. अन् तुले माईतच नाई? तुले भेटाले येते म्हंते ना थे!"

"मला? कशाला?"

"आता मले काय माईत बाप्पा. तुहे भाऊ म्हंते, पोट्टीले गाण्याचा लय नाद हाय, म्हून येते."

मला गाण्याचा नाद नव्हता. मला गाण्याचा तिटकारा होता, हे घरात फक्त आईला माहीत होतं. मी भाऊंना विचारायला गेले, तर ते तबकडी मखमलीने पुसत होते. मान वर न करता म्हणाले, "बाईसमोर जास्त बोलू नको. इचारलं तं हाव म्हण. बस." जास्त बोलू नको असं मला सांगणारे ते जगातले एकमेव माणूस असावेत. बाकी सगळे मला बोल म्हणून सांगायचे.

दमयंतीबाई मूर्तिजापूरहून येणाऱ्या छोट्या गाडीने आल्या. बरोबर कुणी नाही, हातात एक ट्रंक आणि पाण्याची सुरई. मी तबकडीतल्या आवाजावरून जी कोणी मनात धरली होती ती अजून परकरातच होती. ही पन्नाशीची, सावळी, थोडी वाकलेली, गळ्याभोवती लोकरीचा मफलर गुंडाळलेली बाई होती. भाऊ पुढे झाले, वाकून नमस्कार केला, आणि मी पाहिलं, त्यांच्या चेहऱ्यावर एक क्षण चक्क निराशा आली, बाजारात दाखवलेला माल आणि बंडीतून उतरलेला माल वेगळा निघाल्यावर यायची तशी. बाईंनी त्यांच्याकडे पाहिलंही नाही. त्या सरळ माझ्याकडे आल्या, माझा चेहरा दोन्ही हातांत धरला आणि म्हणाल्या, "कुमुद. अगदी लिहितेस तशीच आहेस." आवाज जाडसर आणि फुटका होता, सुपात दाणे घोळवल्यासारखा.

मी काय बोलणार? मी "हो" म्हटलं. मला सांगितलंच होतं हो म्हणायला.

दुपारी जेवायला आईने तिच्या समजुतीप्रमाणे थाट केला होता: पातोडीचा झणझणीत रस्सा, ज्वारीची भाकरी, वांग्याचं भरीत, लाल ठेचा. बाईंनी दोन घास खाल्ले आणि पाणी प्याल्या, परत एक घास आणि परत पाणी. भाऊ शेजारच्या पाटावर बसून संध्याकाळचा बेत सांगत होते. मोठे व्यापारी येणार, वकील येणार, मंगरूळपीरहून तबल्याचे मास्तर बोलावलेत. बाई म्हणाल्या, "पण मी गात नाही आता. कुमुदला कळवलं होतं मी. मी हिला भेटायला आले आहे."

"हाव ना, हाव ना," भाऊ हसत म्हणाले. "मंडळी नुसती दर्शनाले येऊन राह्यली. दोन चिजा म्हटल्या तं म्हटल्या. पोरीची इच्छा हाय."

बाईंनी माझ्याकडे पाहिलं. मी ताटाकडे पाहिलं. आईने मात्र बोलणं ऐकलंच नव्हतं, ती बाईंच्या मानेकडे बघत होती. ती उठली, ताट समोरून उचललं, आणि मला स्वयंपाकघरात ओढून हळूच म्हणाली, "तिच्या गळ्याले काही झालं हाय वो. घास गिळताना मान वाकडी करते, म्हाताऱ्या गाईवानी. याले दिसत नाई का? तीस सालं झाले आयकून राह्यला तिले!" तिने ज्वारीच्या कण्या शिजवल्या, दूध घातलं, आणि बाईंना चुलीपाशीच बोलावून वाटी हातात दिली. बाईंनी वाटी चाटूनपुसून संपवली. ज्या आईला त्यांचं गाणं कधीच नको होतं तिनेच त्यांचा गळा ओळखला.

कण्या खाताना बाई माझ्याशी बोलत राहिल्या. बदामाच्या झाडाचं विचारलं. "आणि ती सांबारवडीवाली मुलगी? अजून छळते?" हे मी कुणाला सांगितलं होतं? कागदाला सांगितलं होतं. बाई हसून म्हणाल्या, "तुला ते चिमट्याचं लिहिलं, त्यावर तू काही उत्तरच दिलं नाहीस. वाईट वाटलं का तुला?"

"कोणता चिमटा?" माझ्या तोंडून गेलं.

त्यांनी वाटी खाली ठेवली. मग सावकाश म्हणाल्या, "बारा वर्षांची होते गं. तापाने फणफणलेली. तीनदा गाणं बिघडलं, चौथ्यांदा कसंबसं झालं, तर नाव सांगायचंच विसरले. आई मागे उभी होती. तिने असा चिमटा काढला इथे." त्यांनी दंड दाखवला. "तो हुंदका आहे ना शेवटी, तो तो आहे."

मग त्यांनी ट्रंकेतून एक वही काढली, पेन्सिल माझ्या हातात दिली. "तुझा वसतिगृहाचा पत्ता लिहून दे बाळ. घरच्या पत्त्यावर नको आता पाठवायला." मी लिहायला लागले. चार ओळींचा पत्ता. कुमुद लिहिताना पहिला उकार दीर्घ झाला, तो खोडला. विद्यार्थिनी लिहिताना अडले. अमरावतीच्या 'र'ला काना दिला की नाही ते पाहायला परत मागे गेले. बाई माझ्या खांद्यावरून पाहत होत्या. आमच्या भाऊंचं अक्षर फार सुंदर होतं, मोत्याच्या सरीसारखं, हे मला तेव्हा आठवण्याचं काही कारण नव्हतं. बाईंना ते आठवत असावं. त्यांनी वही माझ्या हातातून हळूच काढून घेतली आणि मिटली. तिथे, त्या चुलीपाशी, मला एवढंच म्हणायचं होतं की पत्रं माझी नाहीत. तीन शब्द. ते मी बोलले असते तर बाई संध्याकाळची गाडी धरून निघून गेल्या असत्या आणि पुढचं काही झालं नसतं. माझ्या लाजाळूपणाचं लोक कौतुक करायचे. ती लाज नव्हती, ती भीती होती, आणि तिची किंमत दुसऱ्याने दिली.

चार वाजता भाऊंनी इंजिन बंद करायला लावलं. भर हंगामात जिन थांबलेली मी त्याआधी कधी ऐकली नव्हती. सगळं आवार एकदम बहिरं झालं. बंडीवाले माना वर करून बघायला लागले. ओसरीवर शे-सव्वाशे माणूस, पुढे लोडांना टेकून व्यापारी, मागे दिवाणजी, हमाल, आणि घराच्या दारात बांबूच्या चिकाच्या पडद्याआड आम्ही बायका. दमयंतीबाई मधे बसल्या, मफलर तसाच. आणि त्यांच्या शेजारी, त्यांच्याहून एक बोट उंच आसनावर, फोनो.

भाऊंनी आधी तबकडी लावली. म्हणजे मंडळींना कळावं, ते म्हणाले, की चीज काय आहे. बारा वर्षांची ती पोर ओसरीभर गायला लागली आणि पन्नाशीची बाई हात मांडीवर ठेवून ते ऐकत बसली. तिच्याकडे बघणं मला जड गेलं म्हणून मी भाऊंकडे पाहिलं. त्यांचे डोळे मिटलेले होते. तबकडी संपली, हुंदका आला, नाव आलं, लोकांनी वाहवा केली. भाऊ डोळे उघडून म्हणाले, "आता तेच. बाईंच्या तोंडून."

बाईंनी गायला सुरुवात केली. मला गाण्यातलं कळत नाही, त्यामुळे मी सांगते ते कुणी प्रमाण धरू नये. त्यांनी तेच गाणं फार खाली, हळू, जवळजवळ बोलल्यासारखं घेतलं. जिथे तबकडीतली पोर वर उडी मारायची तिथे त्या थांबायच्या आणि शब्द नुसता ठेवून द्यायच्या. जन्मभर ऐकलेल्या त्या गाण्याला काही अर्थ आहे, हे मला त्या दिवशी कळलं. एक जागा आली आणि आवाज फुटला, घोगरा झाला. आणि मी पाहिलं, भाऊंचं बोट आपसूक उठलं. पिनेवरचा रुईचा गोळा उडवायला उठायचं तसं. ते बोट हवेत, बाईंच्या गळ्याच्या रोखाने, एक क्षण थांबलं आणि खाली आलं. त्यांनी ते मुद्दाम केलं नाही, हे मला माहीत आहे. तेच मला सहन होत नाही.

"वर, बाई, वर," ते म्हणाले. "तबकडीत वर जाते इथं."

"तिथे मी नाही जात आता," बाई म्हणाल्या आणि गाणं तिथेच संपवलं.

थोड्या टाळ्या पडल्या, जेवढ्या मॅनेजरच्या मानासाठी पडायला हव्यात तेवढ्या. बाई उठायला लागल्या. तेव्हा भाऊ गुडघ्यांवर पुढे सरकले, हात जोडले, आणि म्हणाले, "नाव! बाई, नाव राह्यलं! नाव घ्या!"

त्यांना म्हणायचं होतं तबकडीसारखं नाव सांगा. पण आमच्याकडे नाव घ्या म्हटलं की एकच अर्थ. लग्नात नव्या नवरीला म्हणतात तो. पडद्याआड बायकांत एकदम खसखस पिकली. जिनमध्ये कापूस निवडायला येणारी जिजामावशी मोठ्या तोंडाची, ती ओरडलीच, "घ्या वो बाई, घ्या नाव! लाजता कायले!" दुसरी म्हणाली, "अवो, कोनाचं घेईन थे? मालक हाय का तिले?" पुढच्या लोडावरून एक व्यापारी हसत म्हणाला, "घेऊ द्या, घेऊ द्या, आज पाहू कोणाचा नंबर लागते." आणि ओसरी हसली. सगळी. शे-सव्वाशे माणूस. मला वाटलं आता भाऊ उठतील, गप्प बसा म्हणतील. घरी आलेल्या पाहुणीसाठी एवढं तर कुणीही करतं. भाऊ हात जोडून तसेच बसले होते. त्यांना हसणं ऐकूच येत नव्हतं. ते हुंदक्याची वाट पाहत होते.

बाईंनी पडद्याकडे पाहिलं. चिकातून मी त्यांना दिसले असेन की नाही कोण जाणे. त्यांनी मान ताठ केली, स्वतःच्या उजव्या हाताने स्वतःच्या डाव्या दंडाला चिमटा काढला, आणि तबकडीतल्या त्याच बारीक, उंच, पोरीच्या आवाजात, त्याच हुंदक्यासकट म्हणाल्या:

"मिस कुमुद, कारंजा!"

लोक पोट धरून हसले. यजमानाच्या पोरीचं नाव घेतलं, बाई मोठी गमतीची! जोरात टाळ्या झाल्या, गाण्याला झाल्या नव्हत्या तेवढ्या. भाऊ हसले नाहीत. त्यांचे जोडलेले हात खाली आले आणि ते फोनोचं झाकण उगाच उघडू-मिटू लागले. मग जिनचा भोंगा झाला, इंजिन सुरू झालं, आणि सगळ्यांना पुन्हा ओरडून बोलावं लागलं.

"तिनं तुहं नाव काहून घेतलं वो?" आई विचारत होती. मी तिला बाजूला सारून भाऊंच्या खोलीत गेले. तबकड्यांची पेटी मी त्याआधी कधी उघडली नव्हती. प्रत्येक तबकडीच्या कागदी पाकिटात एकेक पत्र होतं. दोन वर्षांची, दमयंतीबाईंची, सगळी "चि. कुमुद हिस." तळाशी माझी वसतिगृहातली पत्रं, आणि त्यांतल्या वाक्यांखाली लाल पेन्सिलीच्या रेघा. बदामाच्या झाडाखाली रेघ. सांबारवडीखाली रेघ. आईची लाज वाटली त्याखाली दोन रेघा. बाईंच्या एका पत्रात चिमट्याची हकिकत होती. दुसऱ्यात गळ्यावरच्या शस्त्रक्रियेची, आणि हे तुझ्याशिवाय कुणाला लिहिलेलं नाही असं. म्हणजे भाऊंना ठाऊक होतं. ते हात जोडून बसले होते तेव्हा त्यांना सगळं ठाऊक होतं.

भाऊ दारात येऊन उभे राहिले. मी आयुष्यात पहिल्यांदा त्यांच्यावर ओरडले, आणि माझी फजिती अशी की राग मराठीत येईना. मी इंग्रजीत ओरडत राहिले. सिस्टर आम्हाला ज्या शब्दांत झापायच्या तेच शब्द. भाऊंना इंग्रजी येत नव्हतं. ते शांतपणे ऐकत राहिले, फोनो ऐकायचे तसे. मी दमले तेव्हा म्हणाले, "मी माह्या नावानं लिहिलं तिले. किती साल लिहिलं. एकाचं उत्तर नाई. तुह्या नावानं लिहिलं तं आठ दिवसांत आलं." मग पेटीकडे पाहत, "तुह्या पत्रांत जीव होता, कुमे. माह्यात नव्हता. मी काय करू?"

"आईला तुम्ही माझी पत्रं वाचून दाखवलीत?"

त्यांनी वाकून पेटीचं झाकण लावलं.

"दाखवलीत का?"

"तिले काय समजते त्यातलं," भाऊ म्हणाले. आणि मग, दुखावलेल्या माणसाच्या आवाजात, "तिनं मले उत्तर द्याले पाह्यजे होतं. तीस साल आयकलं मी तिले. एवढा हक नाई का माहा?"

मला अजून वाटतं, जगातले सगळे असले वेडे चाहते याच एका वाक्यावर उभे असतात. आम्ही ऐकलं. आम्ही जपलं. म्हणून तू आमची. नातवंडांच्या काळात मी तेच वेगळ्या यंत्रांवर पाहते आणि माझं डोकं तितकंच तापतं.

सकाळच्या गाडीला बाईंना पोचवायला मी गेले. भाऊ खोलीतून बाहेर आले नाहीत. आईने ज्वारीच्या कण्या पुरचुंडीत बांधून दिल्या होत्या. बाईंची पत्रं मी बरोबर आणली होती, ती त्यांच्या हातात दिली. त्यांनी ती न पाहता ट्रंकेत टाकली.

"ते बदामाचं झाड खरं आहे का?" त्यांनी विचारलं.

"आहे."

"आणि तू रडतेस तिथे?"

"कधी कधी."

"मग तेवढं तरी खरं निघालं," त्या म्हणाल्या.

मला गप्प राहायचं नव्हतं. कालच्या चुलीपाशी राहिले होते तेवढं पुरे झालं होतं. मी म्हटलं, "तुम्ही माझं नाव का घेतलंत? सगळ्यांसमोर? मी काय केलं होतं?"

गाडीने शिटी दिली. बाईंनी मफलर सारखा केला. "काही नाही केलंस," त्या म्हणाल्या. "रागात हाताला जे लागलं ते फेकलं मी. चुकलं माझं." डब्यात चढल्यावर खिडकीतून त्यांनी वही वर करून दाखवली, माझा खाडाखोडीचा पत्ता असलेली. "लिहावंसं वाटलं तर तू लिही. चुकांसकट." मग गाडी हलली.

मी लिहिलं. अमरावतीला गेल्यावर पहिल्याच रविवारी, दीड पान, सगळ्या चुकांसकट, आणि खाली माझ्या हाताने माझं नाव. घरी मात्र मी त्यानंतर एकही खरं वाक्य लिहिलं नाही. पत्र पावले, अभ्यास चालू आहे, एवढंच. बाईंचं उत्तर आलं नाही. मी दुसरं लिहिलं. मग तिसरं लिहिलं, आणि ते लिहिताना माझ्या लक्षात आलं की मी रोज दुपारी टपालाच्या वेळी वसतिगृहाच्या फाटकाशी उभी असते, की मला त्यांचा राग यायला लागला आहे, की मनातल्या मनात मी म्हणते आहे: एवढं केलं मी, तुमची पत्रं परत दिली, आता उत्तर द्यायला नको का? कुणाचं वाक्य होतं ते मला कळलं. मी ते तिसरं पत्र बदामाच्या झाडाखाली बसून फाडलं. नंतर कधी लिहिलं नाही. भाऊंना मी त्यामुळे क्षमा केली असं कुणी समजू नये. क्षमा केली नाही. फक्त आमच्या दोघांत काय सारखं आहे ते मला कळलं, आणि त्याचाही मला राग आला.

भाऊ पुढे बरीच वर्षं जगले. तबकडी ऐकत राहिले, पण शेवटपर्यंत नाही. गाणं संपलं की खरखर सुरू व्हायच्या आत पिन उचलायचे. पाहुण्यांना आता "थांबा, थांबा" म्हणत नसत. एकदा, मी माहेरपणाला आले असताना, तबकडी चालू होती आणि भाऊंना खुर्चीतच डुलकी लागली. गाणं संपलं. स्वयंपाकघरातून आई हात पुसत आली, तिने पिनेकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं. मी उठून पिन उचलू शकले असते. हात पोचत होता. मी तशीच बसून राहिले. खरखर झाली, चिमटा बसला, आणि ती तापाने फणफणलेली पोर रडू आवरून आपलं नाव सांगती झाली.

भाऊ जागे झाले होते. त्यांनी डोळे उघडले नाहीत. आई दारातून मोठ्याने, फोनोवर आवाज चढवून म्हणाली, "कुमे, जेवाले ये." तबकडी अजून फिरत होती.